रविवारची सुट्टी आणि नारायण मेघाजी लोखंडे

रविवारची सुट्टी इंग्रजांच्या कृपेने मिळाली, असे अजूनही अनेकांना वाटते. ती महात्मा जोतीराव फुले यांचे सत्यशोधक सहकारी नारायण मेघाजी लोखंडे यांनी लढून मिळवली. १८८० पासून ‘दीनबंधू’ चालवणाऱ्या लोखंडेंनी गिरणी कामगारांचे हाल जवळून पाहिले होते. १८८१ च्या कारखाना कायद्याने फक्त मुलांच्या कामाचे तास ठरवले. प्रौढ कामगार मालकाच्या मर्जीवरच राहिला. १८८४ साली लोखंडेंनी मुंबईत कामगारांच्या सभा घेतल्या आणि सुमारे ५,५०० सह्यांचा अर्ज कारखाना आयोगापुढे ठेवला. आठवड्याची सुट्टी, दुपारी अर्धा तास विश्रांती, वेळेवर पगार या मागण्या त्यात होत्या. शिवाय कामावर जखमी झालेल्याला बरा होईपर्यंत पगार आणि कायम अपंग झाल्यास उदरनिर्वाहाची सोय मागितली होती. १० जून १८९० रोजी गिरणीमालकांनी रविवार मान्य केला. १८९१ च्या कायद्यात साप्ताहिक सुट्टी व मधली विश्रांती आली. जखमींच्या भरपाईचा कायदा व्हायला मात्र १९२३ साल उजाडले. १८९७ मध्ये प्लेगग्रस्तांची सेवा करताना लोखंडे त्याच रोगाने गेले.

२०२५ साली महाराष्ट्राच्या मंत्रिमंडळाने कारखान्यातील दिवसाची मर्यादा ९ वरून १२ तास करण्याचा निर्णय घेतला. थकलेल्या कामगाराचाच हात यंत्रात जातो. आपली अनेक मुले कंत्राटी कामावर आहेत. लोखंडेंचा तो अर्ज आता आपण पुन्हा लिहिला पाहिजे.