रावबहादूर नारायण मेघाजी लोखंडे

बारामती तालुक्यातील पणदरे परिसर आज उसाने हिरवागार दिसतो. त्या उसाच्या तोडणीसाठी बीड जिल्ह्यासारख्या कोरडवाहू मुलखातून मजुरांच्या टोळ्या उचल घेऊन येतात. १८७६-७७ साली मात्र देशावर भीषण दुष्काळ पडला होता, आणि नीरेच्या डाव्या कालव्याचे पाणीही तेव्हा नव्हते. पोटासाठी मुंबईची वाट धरणारांत देशावरचे लोक होते, तसेच कोकणचेही होते. कापडगिरण्यांनी त्यांना काम दिले; विसावा दिला नाही. पहाटे सुरू झालेले काम सूर्यास्तापर्यंत चाले आणि आठवड्याची सुट्टी अशी नसेच.

या कामगारांचा कैवार घेणारे नारायणराव लोखंडे यांचा जन्म १८४८ साली ठाण्यास एका गरीब फुलमाळी कुटुंबात झाला. त्यांचे मूळ गाव पुणे जिल्ह्यातील कन्हेरसर. रेल्वे व टपाल खात्यांत नोकरी केल्यावर ते एका गिरणीत कोठारावर कामास लागले. तेथे मजुरांचे हाल त्यांनी रोजच्या रोज पाहिले. ते जोतीराव फुले यांच्या सत्यशोधक समाजाचे निष्ठावंत कार्यकर्ते होते. १८८० साली त्यांनी ‘दीनबंधु’ पत्राची धुरा खांद्यावर घेतली आणि १८८४ साली गिरणी कामगारांची संघटना उभारली.

त्या वर्षी सुमारे ५,५०० कामगारांनी सह्या केलेला अर्ज कारखान्यांच्या चौकशी आयोगापुढे गेला. रविवारी सुट्टी, दुपारी अर्धा तास विश्रांती, कामावर जायबंदी झालेल्यास भरपाई आणि मागील महिन्याचा पगार पुढील महिन्याच्या पंधरा तारखेपर्यंत, हे त्यात मागितले होते. यांतील शेवटची मागणी वरवर किरकोळ वाटते. पण वाण्याकडे उधारीवर जगणाऱ्याचा पगार लांबला, की व्याजापायी तो घटतोच. हे कोठारात बसून हिशेब ठेवणाऱ्या माणसाला नेमके कळले होते. पगार अमुक रकमेहून कमी नसावा, असे सांगणारा किमान वेतनाचा कायदा देशात झाला तो १९४८ साली.

मालकांनी प्रथम दाद दिली नाही. २४ एप्रिल १८९० रोजी मुंबईत सुमारे दहा हजार कामगारांची सभा भरली. त्या सभेत दोन स्त्री-कामगारही बोलल्या. त्या काळी ही गोष्ट साधी नव्हती. अखेर १० जून १८९० रोजी गिरणीमालकांनी रविवारची सुट्टी मान्य केली.

१८९३ साली मुंबईत हिंदू-मुसलमानांचा दंगा झाला, तेव्हा सलोख्यासाठी नारायणराव झटले. सरकारने त्यांस रावबहादूर ही पदवी दिली. पुढे शहरात प्लेगची साथ आली. ज्याला शक्य झाले त्याने मुंबई सोडली. नारायणराव मात्र रोग्यांच्या सेवेत राहिले. त्यातच त्यांना प्लेगने गाठले आणि ९ फेब्रुवारी १८९७ रोजी त्यांचे निधन झाले. तेव्हा त्यांनी वयाची पन्नाशीही गाठली नव्हती.