बेब रूथ : घरच्यांनी हात टेकलेला मुलगा

शिक्षक मित्रांनो आणि पालकांनो, आपल्या वर्गात असं एखादं पोरगं असतंच, ज्याच्यापुढे घरचेच हात टेकतात. जॉर्ज हर्मन रूथ असाच होता. जन्म ६ फेब्रुवारी १८९५, अमेरिकेतलं बाल्टिमोर शहर. वडिलांचं दारूचं दुकान, पोरगं दिवसभर रस्त्यावर. सातव्या वर्षी त्याला सेंट मेरीज या निवासी शाळेत टाकलं. तिथे तो शर्ट शिवायला शिकला आणि बेसबॉलही.

बेसबॉल शिकवला ब्रदर मथायस यांनी. धिप्पाड माणूस, शिस्तीचं काम त्यांच्याकडे. पण मैदानात एका हाताने बॅट फिरवून मुलांना उंच उंच चेंडू मारून द्यायचे. जॉर्ज डावखुरा. शाळेत हातमोजे मात्र उजव्या हाताने फेकणाऱ्यांचे. तो डाव्या हातातल्या मोज्यात चेंडू पकडायचा, मोजा झटकन काढायचा आणि त्याच हाताने फेकायचा! एकदा आपल्याच गोलंदाजाची धुलाई होताना तो खदाखदा हसला. ब्रदरांनी त्यालाच गोलंदाजीला उभं केलं. खरं सांगा, आपण काय केलं असतं? मी तर त्याला मैदानाबाहेर बसवलं असतं.

१९१४ मध्ये बाल्टिमोरच्या व्यावसायिक संघाने त्याला घेतलं. पुढे बोस्टन, मग न्यूयॉर्क यांकीज. १९२० मध्ये त्याने ५४ होम रन मारले. होम रन म्हणजे सहसा चेंडू थेट कुंपणापलीकडे, आपल्या षटकारासारखाच. त्याच वर्षी शिकागोच्या खेळाडूंनी आदल्या वर्षीच्या अंतिम मालिकेत पैसे खाल्ल्याचं प्रकरण बाहेर आलं. खेळावरचा विश्वास उडालेले लोक रूथला बघायला पुन्हा मैदानावर आले. १९२७ मध्ये ६० होम रन, कारकिर्दीत एकूण ७१४.

तो आदर्श बिदर्श नव्हता, बरं का. खाणं, पिणं, रात्री उशिरापर्यंत भटकणं. १९२५ मध्ये संघाने दंडही केला. संघाचा व्यवस्थापक व्हायची फार इच्छा होती, ते पद मोठ्या संघात कधीच मिळालं नाही. शाळा मात्र विसरला नाही. १९१९ मध्ये शाळेला आग लागली, तेव्हा मुलांच्या बँडपथकाला सोबत फिरवून त्याने मदत गोळा करून दिली. ब्रदर मथायसना कॅडिलॅक मोटार भेट दिली.

१६ ऑगस्ट १९४८ ला कर्करोगाने तो गेला, वय ५३. पार्थिव यांकी स्टेडियममध्ये ठेवलं होतं. दर्शनाला हजारो लोकांची रांग लागली, त्यात वडिलांचं बोट धरून आलेली शाळकरी मुलंही होती.