भोपाळचा वेढा आणि थोरले बाजीराव

भोपाळात पिढ्यान्‌पिढ्या राहिलेल्या मराठी कुटुंबांतही फार थोड्यांस ठाऊक असते की, डिसेंबर १७३७ मध्ये खुद्द निजाम-उल्-मुल्क याच शहराच्या आसऱ्याने कोंडून बसला होता आणि त्याला कोंडणारे होते थोरले बाजीराव पेशवे.

बाजीरावांचा जन्म १८ ऑगस्ट १७०० चा. पिता बाळाजी विश्वनाथ यांच्या निधनानंतर, एप्रिल १७२० मध्ये शाहू महाराजांनी त्यांस पेशवाईची वस्त्रे दिली, तेव्हा वयाची वीस वर्षेही पुरी झाली नव्हती. आधी दक्षिणेची घडी बसवावी, मग नर्मदेपलीकडे पाहावे, असे श्रीपतराव प्रतिनिधींचे मत होते. हे मत भित्रेपणाचे नव्हते. निजाम उशाशीच होता. तरीही बाजीरावांनी उत्तरेचा आग्रह धरला व महाराजांनी तो मानला.

तो निर्णय त्यांनी रणांगणावर खरा करून दाखविला. १७२८ मध्ये पालखेडला निजामाची रसद व पाणी तोडून त्यांनी त्याला तहास आणले. १७२९ मध्ये ते बुंदेलखंडात छत्रसालाच्या मदतीस धावले. मात्र १७३१ मध्ये डभईला स्वकीय सेनापती त्र्यंबकराव दाभाडे यांच्याशीच लढण्याची वेळ आली. दाभाडे त्यात पडले. या विजयाचा आनंद कोणास व्हावा?

मार्च १७३७ मध्ये बाजीराव दिल्लीच्या वेशीवर धडकले. भयभीत बादशहाने निजामास पाचारण केले आणि निजाम माळव्यात उतरला. दक्षिणेतून त्याच्या पुत्राची कुमक येऊ नये, ही कामगिरी चिमाजीअप्पांकडे होती. निजामाचा तोफखाना भारी; तट फोडण्याजोग्या तोफा बाजीरावांपाशी नव्हत्या. म्हणून त्यांनी दाणावैरण तोडली. उपासमारीने जेरीस आलेल्या निजामाने ७ जानेवारी १७३८ रोजी दोराहा सराईच्या तहात माळवा, नर्मदा-चंबळेमधील अंमल आणि पन्नास लाख रुपये खर्चादाखल देववण्याचे कबूल केले.

परंतु बादशाही मोहोर उमटेपर्यंत कबुली ही कबुलीच. बाजीराव २८ एप्रिल १७४० रोजी नर्मदातीरी रावेरखेडी येथे तापाने निवर्तले. माळव्याची सनद आली ती १७४१ मध्ये, त्यांचे पुत्र नानासाहेब यांच्या हाती. वीस वर्षांच्या पेशवाईत ज्या प्रांतासाठी त्यांनी दरबाराचा रोष पत्करला, त्याचा कागद पाहणे त्यांच्या नशिबी नव्हते. समाधी मात्र त्याच नर्मदेच्या काठी आहे.