बदामाच्या रोपावर आलुबुखार

गुलाबावर आपण डोळा भरतो ना, त्याच कलेवर ल्यूथर बरबँक यांनी अमेरिकेत नाव कमावलं. जन्म १८४९चा. स्वतः निवडलेला बटाटा अवघ्या १५० डॉलरला विकून ते १८७५मध्ये कॅलिफोर्नियात, सांता रोझाला आले.

१८८१मध्ये एका बड्या असामीने आलुबुखाराची २०,००० कलमं मागितली, तीही थंडीच्या आत! एरवी याला दोन-तीन वर्षं लागतात. बरबँकनी बदाम रुजत घातले. ते भराभर उगवतात. जूनच्या अखेरीपासून त्या रोपांवर आलुबुखाराचे डोळे भरले. शेंडा मात्र लगेच छाटला नाही, अर्धवट मोडून वाकवून ठेवला. पानं मुळांना पोसत राहिली आणि इकडे डोळा फुटला. मग शेंडा उडवला. मला तर खरी हुशारी इथेच दिसते. जवळजवळ सगळी कलमं वेळेत पोचली.

पुढे जपानी जातींच्या संकरातून १९०६मध्ये त्यांचा गाजलेला 'सांता रोझा' प्लम आला. पण एक रोप विकलं, की कोणीही त्याची हजार करावीत. यांना दमडी नाही. कलमांना पेटंट देणारा कायदा झाला १९३०मध्ये. बरबँक १९२६मध्येच गेले होते. त्यांच्या प्लमची पेटंटं मग पत्नी एलिझाबेथ यांनी मिळवली.