दुसरी सही

आल्फ्रेड हिचकॉकचा एकही चित्रपट न पाहिलेल्यालाही त्याचे नाव ठाऊक असते. आल्मा रेव्हिल हे नाव मात्र रसिकांनाही चटकन आठवत नाही. हिचकॉकची पत्नी एवढीच तिची ओळख द्यावी, तर तिच्यावर अन्याय होतो. चित्रपटाच्या धंद्यात ती त्याच्या आधी आली होती.

दोघांच्या वयात एकाच दिवसाचे अंतर. तो १३ ऑगस्ट १८९९चा, ती १४ ऑगस्टची, नॉटिंगहॅममध्ये जन्मलेली. सोळाव्या वर्षाच्या सुमारास ती लंडनच्या ट्विकनहॅम स्टुडिओत संकलनाच्या कामाला लागली. फिल्मचे तुकडे कापायचे, जोडायचे. पुढे हिचकॉक आयलिंग्टनच्या स्टुडिओत मूकपटांच्या पाट्या रंगवत होता, तेव्हा ती हुद्द्याने त्याच्या वर होती. तिच्याशी बोलायला तो धजावत नसे. स्वतःचा हुद्दा वाढल्यावर, १९२३ साली, त्याने तिला बोलावले, तेही संकलनाच्या कामासाठी! २ डिसेंबर १९२६ रोजी दोघांचे लग्न झाले.

हळूहळू कात्रीची जागा लेखणीने घेतली. ‘सस्पिशन’ (१९४१) आणि ‘शॅडो ऑफ अ डाउट’ (१९४३) यांच्या पटकथालेखकांत तिचे नाव आहे. ‘स्टेज फ्राइट’ (१९५०) नंतर मात्र ते पडद्यावरून गेले. काम थांबले नव्हते. नवा विषय आधी घरी तिच्यापुढे यायचा, तयार चित्रपटही तिच्या नजरेखालून जायचा. ‘सायको’ (१९६०) पूर्ण झाला असे सारे समजत होते. मृत नायिका किंचित हलल्याचे तिला दिसले, असे सांगतात. तेवढा भाग कापावा लागला.

आम्हा बँकवाल्यांना हे चांगले समजते. व्हाउचर एकजण लिहितो, दुसरा तपासतो. त्या दुसऱ्या सहीशिवाय पैसा हलत नाही, पण खातेदाराला ती सही करणारा कधी दिसत नाही. आल्माच्या आयुष्याला त्याग म्हणून हार घालणे सोपे आहे. पण हार घातला, की श्रेयाचा हिशेब मिटल्यासारखा वाटतो. तो मिटत नाही.

हिचकॉकने तो थोडा चुकता केला. १९७९ साली अमेरिकन फिल्म इन्स्टिट्यूटचा जीवनगौरव स्वीकारताना त्याने चारजणांचे आभार मानले : एक संकलक, एक पटकथालेखिका, आपल्या मुलीची आई आणि एक सुगरण. चौघींचे नाव एकच, आल्मा रेव्हिल. पुढच्याच वर्षी तो गेला, १९८२मध्ये ती गेली.

त्या यादीचा क्रम पाहावा. स्वयंपाकघर शेवटी आहे, संकलनाची खोली पहिली.