वुर्टेंबर्गचा ड्यूक कार्ल ऑयगेन

जर्मनीच्या नैर्ऋत्य भागांत, नेकार नदीच्या दोहों तीरांवर, द्राक्षांच्या मळ्यांनीं व टेंकड्यांनीं भरलेला वुर्टेंबर्ग नांवाचा प्रदेश आहे. स्टुटगार्ट ही त्याची जुनी राजधानी. मलयाळम भाषेचा मोठा कोश रचणारे हेर्मान गुंडर्ट यांचा जन्म याच शहरीं झाला, म्हणून हिंदुस्थानांतील वाचकांस हें नांव अगदींच परकें वाटूं नये. अठराव्या शतकांत जर्मनी हें एक राज्य नव्हतें. शेंकडों लहानमोठे राजे, धर्माध्यक्ष व स्वतंत्र शहरें आपापला कारभार पाहत, आणि व्हिएन्नाचा बादशहा हा त्या सर्वांचा बहुतांशीं नांवाचाच धनी असे. वुर्टेंबर्ग हें त्यांपैकीं एक मध्यम प्रतीचें संस्थान. लोकसंख्या पांच-सहा लाखांच्या आसपास. एवढ्याशा मुलखाच्या उत्पन्नावर ज्यानें फ्रान्सच्या व्हर्साय दरबाराशीं बरोबरी करूं पाहिली, त्या कार्ल ऑयगेनचें हें चरित्र आहे.

त्याचा जन्म ११ फेब्रुवारी १७२८ रोजीं ब्रुसेल्स येथें झाला. तो नऊ वर्षांचा असतांना, १७३७ सालीं, त्याचा बाप एकाएकीं वारला व हा अल्पवयी मुलगा गादीचा वारस झाला. राज्यकारभार पालकमंडळाकडे गेला, आणि ड्यूकला व त्याच्या भावांना शिक्षणासाठीं बर्लिन येथें प्रशियाच्या फ्रेडरिक राजाच्या दरबारीं पाठविण्यांत आलें. मुलगा हुशार, चपळ व दिसण्यांत उमदा होता. फ्रेडरिकच्या खटपटीनें १७४४ सालीं, वयाच्या अवघ्या सोळाव्या वर्षीं, बादशहानें त्यास सज्ञान ठरविलें. निरोप देतांना फ्रेडरिकनें त्याला उपदेशाचें एक लेखी टिपण दिलें. देश आपल्यासाठीं नसून आपण देशासाठीं आहों हें विसरूं नये, असा त्याचा आशय होता. सोळा वर्षांच्या मुलाच्या हातीं राज्याच्या किल्ल्या देऊन वर एक उपदेशाचा कागद देणें यांत कितपत शहाणपण होतें, हा प्रश्न वाचकांच्या मनांत येईलच.

आरंभींचीं कांहीं वर्षें बरीं गेलीं. १७४८ सालीं फ्रेडरिकची भाची, बायरॉइटची राजकन्या एलिझाबेथ, हिच्याशीं त्याचा विवाह झाला. त्या समारंभासाठीं वधूपित्यानें बायरॉइट येथें उघडलेलें नाट्यगृह आजही उभें आहे. विवाह मात्र आठ वर्षेंही टिकला नाहीं. पतीच्या वर्तनास कंटाळून १७५६ सालीं ती माहेरीं गेली व परत आली नाहीं. त्यानंतर ड्यूकच्या हौसेला घरांतूनही कोणी आवर घालणारें उरलें नाहीं.

स्टुटगार्ट येथील नव्या राजवाड्याचा पाया १७४६ सालींच घातला होता. पुढें इटलीहून योमेल्ली नांवाचा नामांकित संगीतकार आला, फ्रान्सहून नोव्हेर हा नृत्याचार्य आला, आणि त्यांच्यामागें गवई, नर्तक, पडदे रंगविणारे व आतषबाजी करणारे यांची रीघ लागली. १७६४ सालीं राजधानीच्या लोकांवर रुष्ट होऊन ड्यूकनें आपला मुक्काम लुडविग्सबुर्ग येथें हलविला. तेथें त्यानें लांकडाचें एक प्रचंड नाट्यगृह उभारलें. युरोपांतील अत्यंत मोठ्या नाट्यगृहांत त्याची गणना होई. दरवर्षीं ११ फेब्रुवारीस ड्यूकच्या वाढदिवसानिमित्त तेथें नवीं संगीत नाटकें होत, आणि कित्येक दिवस मेजवान्या, दीपोत्सव व शिकारी चालत. शिकारीची गोष्ट तर रयतेला विशेष जाचक असे. राजाच्या शिकारीसाठीं राखलेलीं हरणें व रानडुकरें शेतांत शिरून उभें पीक फस्त करीत. शेतकऱ्यानें त्यांस मारलें तर तो गुन्हा ठरे. आणि शिकारीच्या दिवसांत त्याच शेतकऱ्यानें आपलें काम टाकून जनावरें हाकण्यासाठीं वेठीस जावें लागे.

याच सुमारास स्टुटगार्टच्या पश्चिमेस एका उंच टेंकडीवर ड्यूकनें दुसरा एक वाडा बांधावयास घेतला. १७६९ पर्यंत तो पुरा झाला. त्याचें नांव सॉलिट्यूड, म्हणजे एकांत! भोंवतीं तबेले, उद्यानें व पाहुण्यांसाठीं इमारती उठल्यावर एकांत कितीसा राहिला असेल तें दिसतेंच आहे. या टेंकडीपासून लुडविग्सबुर्गच्या राजवाड्यापर्यंत सुमारें १३ किलोमीटर लांबीचा, बाणासारखा सरळ रस्ता त्यानें आंखून घेतला. वाटेंत काय आहे व तें कोणाचें आहे, हा विचार त्या सरळ रेषेपुढें गौण ठरला.

पैसा कोठून येणार? वुर्टेंबर्गच्या प्रजेला १५१४ च्या ट्यूबिंगेनच्या करारानें एक मोठा हक्क मिळालेला होता. मठाधिपति व शहरांचे प्रतिनिधि यांच्या सभेची संमति असल्यावांचून नवा कर बसवितां येत नसे. ड्यूकला हें बंधन असह्य झालें. १७५२ सालीं त्यानें फ्रान्सशीं करार करून पैशाच्या मोबदल्यांत ६,००० सैनिक देण्याचें कबूल केलें होतें. १७५७ सालीं युद्ध पेटल्यावर ते आणावयाचे कोठून, म्हणून तरुणांना बळजबरीनें पकडून पलटणींत भरण्यांत आलें. राजा रोमन कॅथॉलिक, प्रजा प्रॉटेस्टंट. आणि ज्याच्याविरुद्ध लढावयाचें तो प्रशियाचा राजा प्रॉटेस्टंटांचा कैवारी समजला जाई. सैनिकांनीं स्टुटगार्टमध्यें बंड केलें व कित्येक पळून गेले. इकडे सरकारी नोकऱ्या उघड उघड विकल्या जाऊं लागल्या.

प्रतिनिधिसभेचे कायदेपंडित योहान याकोब मोझर हे त्या काळचे थोर विद्वान व अत्यंत धर्मशील गृहस्थ होते. सभेनें ड्यूककडे जे तक्रारअर्ज पाठविले ते यांनींच लिहिले असा ठपका ठेवून, १७५९ च्या जुलै महिन्यांत ड्यूकनें त्यांस समोर बोलावलें व तेथूनच होहेनट्वीलच्या डोंगरी किल्ल्यावर कैदेंत पाठविलें. चौकशी नाहीं, न्यायाधीश नाहीं, शिक्षेची मुदत नाहीं. त्या वेळीं मोझर अठ्ठावन्न वर्षांचे होते. पुस्तकें फारशीं नाहींत, दौत-लेखणी तर मुळींच नाहीं. तेव्हां मेणबत्तीची काजळी कापण्याच्या कात्रीच्या टोंकानें ते भिंतीवर व मिळतील त्या कागदांच्या समासांत अक्षरें कोरीत, आणि अशा रीतीनें त्यांनीं शेंकडों भक्तिगीतें रचलीं. ते कैदेंत असतांनाच त्यांची पत्नी वारली. पांच वर्षांहून अधिक काळानें, १७६४ च्या सप्टेंबरांत, त्यांची सुटका झाली. ड्यूकच्या चरित्रांत मला सर्वांत अधिक विचार करावयास लावणारी गोष्ट हीच वाटते: लांकडाचें तें भव्य नाट्यगृह केव्हांच नाहींसें झालें, पण कात्रीच्या टोंकानें लिहिलेलें वाचावयास मिळतें.

त्याच १७६४ सालीं प्रतिनिधिसभेनें धैर्य करून खुद्द आपल्या राजाविरुद्ध व्हिएन्नाच्या बादशाही न्यायसभेंत दावा लावला. प्रशिया, इंग्लंड व डेन्मार्क येथील राजे प्रजेच्या हक्कांस जामीन होते. त्यांनींही दाब दिला. शेवटीं १७७० सालीं तडजोड झाली. ड्यूकनें जुने हक्क मान्य केले, आणि सभेनें त्याच्या कर्जाचा मोठा भार उचलला. म्हणजे अखेर पैसे रयतेनेंच भरले.

यानंतर ड्यूकच्या आयुष्यांत पालट झालेला दिसतो. फ्रांत्सिस्का या शांत स्वभावाच्या स्त्रीच्या सहवासानें तो निवळला असें म्हणतात. पहिली पत्नी वारल्यानंतर कांहीं वर्षांनीं, १७८५ सालीं, त्यानें तिच्याशीं विवाह केला. ११ फेब्रुवारी १७७८ रोजीं, आपल्या पन्नासाव्या वाढदिवशीं, त्यानें एक विलक्षण जाहीरनामा काढला. आपणही मनुष्य असून आपल्या हातून चुका झाल्या, पुढें प्रजेच्या कल्याणासाठींच आपण जगूं, अशा अर्थाचा तो मजकूर राज्यांतील उपासनामंदिरांतून धर्मोपदेशकांकडून वाचून दाखविण्यांत आला. गादीवर बसलेल्या राजानें असें कबूल करावें ही लहान गोष्ट नव्हे. परंतु त्याच दिवशीं आस्पर्गच्या किल्ल्यांत शूबार्ट नांवाचा कवि व पत्रकार कैदेंत पडलेला होता. ड्यूकची व त्याच्या शाळेची थट्टा केल्याबद्दल, तो परमुलखांत राहत असतां, १७७७ च्या जानेवारींत त्याला फसवून वुर्टेंबर्गच्या हद्दींत आणलें व पकडलें. कबुलीच्या जाहीरनाम्यानंतरही तो आणखी नऊ वर्षें सुटला नाहीं. कुटुंबाची भेटही त्याला आठ वर्षांपर्यंत मिळाली नाहीं. आणि नवल असें कीं, त्याच्या पत्नीला ड्यूकनें वेतन बांधून दिलें व मुलाला आपल्याच शाळेंत घालून उत्तम शिक्षण दिलें!

ही शाळा विद्यार्थ्यांनीं विशेष लक्षांत घेण्याजोगी आहे. सैनिकांच्या मुलांसाठीं १७७० सालीं सॉलिट्यूड येथें ती निघाली, वाढत वाढत स्टुटगार्टला आली, आणि १७८१ सालीं जोसेफ बादशहानें तिला विद्यापीठाचा दर्जा दिला. ड्यूक स्वतः वर्गांत येऊन बसे, परीक्षा घेई, बक्षिसें वांटी, मुलांना आपलीं लेकरें म्हणे. प्रसिद्ध प्राणिशास्त्रज्ञ क्युव्हिए येथेंच शिकला. पण मुलांना सुटी म्हणून नव्हती. गणवेश, रांग आणि पहारा यांतच वर्षामागून वर्षें जात. आईबापांनीं मुलगा ड्यूकच्या सेवेस कायमचा अर्पण केल्याचें लिहून द्यावें लागे. अशा रीतीनें घेतलेला एक तेरा वर्षांचा मुलगा फ्रीडरिख शिलर. त्याला धर्मोपदेशक व्हावयाचें होतें. ड्यूकनें त्यास कायदा व नंतर वैद्यक शिकावयास लावलें. १४ डिसेंबर १७७९ च्या बक्षीस समारंभास पाहुणा म्हणून महाकवि गोएटे हजर होता, आणि त्याच्यासमोर शिलरनें बक्षिसें घेतलीं. पुढें एकमेकांचे जिवलग होणारे हे दोघे त्या दिवशीं बोललेही नाहींत.

शिलर पलटणीचा वैद्य झाला, पण त्यानें लपून लिहिलेलें नाटक १७८२ सालीं मानहाइम येथें रंगभूमीवर येऊन गाजलें. तें पाहण्यास तो परवानगीवांचून गेला म्हणून ड्यूकनें त्यास चौदा दिवस कैदेंत टाकलें, आणि यापुढें वैद्यकाखेरीज कांहीं लिहूं नये अशी आज्ञा केली. २२ सप्टेंबर १७८२ च्या रात्रीं, रशियाच्या युवराजाच्या स्वागतासाठीं सारा दरबार गुंतला असतां, शिलर एका मित्रासह गाडींतून राज्याबाहेर पळाला. दूर टेंकडीवर सॉलिट्यूडचा वाडा दिव्यांनीं लखलखत होता. त्या उजेडांत आपल्या आईबापांचें घर कोठें आहे तें शिलरनें मित्राला दाखविलें, असें त्या मित्रानेंच पुढें लिहून ठेवलें आहे. शिलरचा बाप त्या वाड्याच्या बागांवरचा मुख्य होता. येथें ड्यूकच्या बाजूनें एक सांगितलें पाहिजे: मुलाच्या अपराधाबद्दल त्यानें बापाला त्रास दिला नाहीं, त्याची नोकरी कायम राहिली.

उतारवयांत ड्यूकला शेतीची व पुस्तकांची आवड लागली. लुडविग्सबुर्ग येथें त्यानें १७६५ सालींच सार्वजनिक ग्रंथालय उघडलें होतें. १७८४ सालीं त्यानें कोपनहेगन येथील पाद्री लॉर्क यांचा, पवित्र शास्त्राच्या पांच हजारांहून अधिक प्रतींचा संग्रह विकत घेतला. तो आजही स्टुटगार्टच्या ग्रंथालयांत आहे. परंतु जुनी संवय साफ गेली नव्हती. १७८६ सालीं त्यानें डच ईस्ट इंडिया कंपनीशीं करार करून सुमारें दोन हजार माणसांची पलटण आफ्रिकेंतील केप येथें पाठविण्याचें ठरविलें. तेथून ती जावा व लंकेकडे गेली. परत आले ते फारच थोडे. त्या पलटणीच्या निरोपाचें गीत कैदेंतल्या शूबार्टनेंच रचलें, आणि तें सबंध जर्मनींत गाइलें गेलें.

फ्रांत्सिस्काला दिलेल्या होहेनहाइम या जागेवर ड्यूकनें शेवटचा मोठा वाडा बांधावयास घेतला. बागेंत पडक्या रोमन इमारतींच्या प्रतिकृति व खेड्यांतील घरांचे नमुने उभे केले. वाडा अपुरा असतांनाच २४ ऑक्टोबर १७९३ रोजीं तेथें त्याचा अंत झाला. त्या वेळीं शिलर योगायोगानें लुडविग्सबुर्ग येथें आला होता. त्यानें ड्यूकविषयीं कटु शब्द काढले नाहींत, असें त्याचा बालमित्र होवेन सांगतो. पुढच्याच वर्षीं नव्या ड्यूकनें ती शाळा बंद केली.

१८१५ सालीं सुंबावा बेटांतील तांबोरा ज्वालामुखीचा स्फोट झाला व दुसऱ्या वर्षीं युरोपांत उन्हाळाच पडला नाहीं. वुर्टेंबर्गमध्यें पिकें बुडून मोठा दुष्काळ झाला. तेव्हां राजा विल्हेल्म यानें १८१८ सालीं होहेनहाइमच्या वाड्यांत शेतकीची शाळा काढली. आज तेथें विद्यापीठ आहे. सॉलिट्यूडपासून लुडविग्सबुर्गपर्यंतच्या त्या सरळ रस्त्याचाही उपयोग झाला. १८२० सालीं देशाची मोजणी करावयाची होती, तेव्हां मोजणीची पायारेषा त्याच रस्त्यावर धरण्यांत आली.