दिवाण सर सालारजंग यांचें अल्प चरित्र

कचेरी, तालुका, जिल्हा हे शब्द आम्हां अहमदपूरकरांच्या इतके अंगवळणी पडले आहेत कीं, ही व्यवस्था कोणी तरी घडविली असेल असें मनांतहि येत नाहीं. आपला तालुका १९५६ पर्यंत हैदराबाद संस्थानच्या व पुढें त्याच नांवाच्या राज्याच्या बीदर जिल्ह्यांत होता. नंतर तो उस्मानाबादेंत गेला व १९८२ सालीं लातूर जिल्ह्यांत आला. त्या संस्थानांत जिल्ह्यांची घडी ज्यांनीं बसविली, ते दिवाण पहिले सर सालारजंग. त्यांची हकीकत वाचकांपुढें ठेवण्याचें आम्हीं योजिलें आहे.

मीर तुराब अली खान हें त्यांचें मूळ नांव. जन्म १८२९ चा. १८५३ च्या मे महिन्यांत त्यांचे चुलते दिवाण सिराज-उल-मुल्क वारले आणि अवघ्या चोविसाव्या वर्षीं कारभाराचा भार ह्यांच्या शिरीं आला. वेळ मोठी कठीण होती. त्याच महिन्यांत फौजेच्या खर्चापोटीं वऱ्हाड, धाराशिवचा मुलूख व रायचूर दुआब इंग्रजांच्या हातीं गेले होते. खजिना रिकामा, उरलेल्या मुलखाचा वसूल अरब व रोहिले सरदारांकडे आणि सावकारांकडे गहाण पडलेला.

रयतेची खरी पीडा इजाऱ्याची होती. इजारदार सरकारला ठराविक रक्कम कबूल करी आणि मग रयतेकडून मन मानेल तितकें उकळी. शुभवर्तमानांतील जक्कय ज्या जातीचा जकातदार होता, तीच ही जात. भेद इतकाच कीं, येथें घेतलेलें चौपट परत करणारा क्वचितच निघे! सालारजंगांनीं ही पद्धति एका फटक्यानें मोडली नाहीं. तसें करते तर शस्त्रधारी सावकारांनीं राज्यच बुडविलें असतें. कर्ज फेडीत, गहाण मुलूख सोडवीत, तेथें पगारी तालुकदार नेमीत ते पुढें गेले, आणि १८६५ च्या सुमारास जिल्हाबंदी अमलांत आली. वसूल करणारा मनुष्य आतां पगाराचा धनी झाला, वसुलाचा नव्हे. आमच्या मतें त्यांच्या सर्व कामांत हेंच थोर. शत्रूहि पुष्कळ झाले. त्यांच्यावर दोन वेळां प्राणघातक हल्ले झाले, आणि खुद्द निजाम अफजल-उद्-दौला यांची संशयी नजर त्यांच्यावर सतत असे.

१८५७ सालीं मात्र त्यांनीं इंग्रजांची बाजू राखिली. १७ जुलै रोजीं तुर्रेबाज खान व मौलवी अलाउद्दीन यांनीं रेसिडेन्सीवर चाल केली, ती मोडून काढण्यांत आली. ह्याबद्दल त्यांना कोणी दूषण देतात, तें अगदींच निराधार नाहीं. मोबदला म्हणून १८६० सालीं धाराशिव व रायचूर परत आले आणि पन्नास लाखांचें कर्ज माफ झालें. वऱ्हाड आलें नाहीं. त्याचा ध्यास त्यांनीं अखेरपर्यंत सोडिला नाहीं. १८७६ सालीं ते विलायतेस गेले, ऑक्सफर्डनें पदवी दिली, मानसन्मान झाले. वऱ्हाडाचें नांव काढतांच मात्र सारे मुके! त्याच प्रवासांत त्यांनीं इटलींत बेन्झोनी शिल्पकाराची रिबेकेची संगमरवरी मूर्ति घेतली. इसहाकास दुरून पाहून रिबेकेनें मुखावर बुरखा ओढला, ही उत्पत्तीच्या पुस्तकांतील गोष्ट आपल्या ओळखीची आहे. दगडांत कोरलेल्या त्या झिरझिरीत बुरख्याआडून मुख दिसतें. हैदराबादेस जाणाऱ्यांनीं सालारजंग संग्रहालयांत ती अवश्य पाहावी.

त्यांच्या कारभारांत उणीव नव्हती असें नाहीं. जहागिरींचा मोठा प्रदेश ह्या सुधारणांबाहेरच राहिला, आणि तेथील कुळांचे हाल पुढें कित्येक पिढ्या चालले. वरिष्ठ जागांवर उत्तरेकडील विद्वान आणिले गेले. मराठी व तेलुगू बोलणाऱ्या रयतेचीं मुलें तेथवर पोंचलीं नाहींत.

तीस वर्षें दिवाणगिरी करून ८ फेब्रुवारी १८८३ रोजीं ते पटकीच्या रोगानें वारले. पुढच्याच वर्षीं सरकारी दप्तरांतली फारसी जाऊन उर्दू आली. आमच्या ह्या भागांतील शेतकऱ्यास वरच्या कचेरींत अर्ज द्यावयाचा असला, तर तो दुसऱ्याकडून लिहवून घ्यावा लागे, तें तसेंच चालू राहिलें.